देवगावच्या लग्नाची कॅसेट

औरंगपुऱ्यातल्या एका म्हाताऱ्या व्हिडिओवाल्यानं दुकान बंद करताना लग्नांच्या जुन्या कॅसेटी मला देऊन टाकल्या. दोन पोती भरली. अशा कुणाला नको असलेल्या चित्रांमधून आपल्या भागाचा इतिहास सांगणारी फिल्म मला करायची होती. बुरशी पुसत, एकेक कॅसेट कॉम्प्युटरवर उतरवत तीन वर्षं गेली. मान तेव्हा धरली ती अजून सुटलेली नाही.

त्यात देवगाव रंगारीचं एक लग्न होतं. पंगतीत बसलेली एक बाई हॅलोजनचा झोत आला की तोंड फिरवायची. ते चार सेकंद मी ताणून मिनिटभराचे केले आणि वर निवेदन घातलं: कॅमेऱ्याला नकार देणाऱ्या बायका, इतिहासाकडे फिरवलेली पाठ, असलं बरंच काही. सगळी फिल्म त्या वळलेल्या मानेवर उभी होती.

मग वाटलं, तिला एकदा दाखवावं. देवगावात विचारत गेले. लग्नघरच्यांनी माझ्या फोनवर तिचं चित्र बघून लगेच ओळखलं. "मावशी हाय आमची. आता बजाजनगरला असती, लेकाकडं."

दुपारी तिथं पोचले. लेक ड्यूटीवर, सून कणीक मळत होती. मावशी आता पंच्याहत्तरीची. पलंगावर लॅपटॉप ठेवून मी तो तुकडा लावला.

"आजी, तोंड का फिरवत होता तुम्ही?"

"डोळं आलं होतं माय. त्यात त्यो लाईट. लई झोंबायचं."

एवढंच. लॅपटॉप मिटायला गेले तर तिनं माझा हात धरला.

"थांब. मागं आमचं मालक हायेत."

तिच्या मागं एक माणूस बुंदीची बादली घेऊन वाढत होता. तीन वर्षांत मी त्याच्याकडे पाहिलंच नव्हतं. तो जाऊन बरीच वर्षं झाली होती. घरात त्याचा एकच फोटो, मतदान कार्डावरून मोठा केलेला.

ती बघत राहिली, मग वैतागली. "असं नव्हतं चालत ते. आजारी मानसागत. लई चपळ होतं."

"मी हळू केलंय ते."

"का?"

मूळ वेगात लावलं. बादलीवाला वाकला, दोन पानांत बुंदी टाकून झपकन पुढं गेला.

"व्हय, आता कसं!" तिनं सुनेला हाक मारली. "ये गं, तुझा सासरा बघ."

सून लग्न होऊन आली तेव्हा ते नव्हते. कणकेच्या हातानं ती दारातच वाकून बघत होती. मी परत परत लावत राहिले.

घरी येऊन निवेदन काढून टाकलं, ताणलेली सगळी दृश्यं मूळ वेगात आणली. बत्तीस मिनिटांची फिल्म एकोणीसवर आली. एका कॉलेजात दाखवली, नऊ-दहा जण होते. एकानं विचारलं, "यातून तुम्हाला नेमकं काय म्हणायचंय?"

"आता काही नाही," मी म्हणाले. त्याला ते उद्धट वाटलं असावं. पण मी खरंच दमले होते.