आईंचं स्पॅनिश गाढव

स्पॅनिशचा एक शब्द कळत नसताना आमच्या सासूबाई रोज दुपारी चारला एक स्पॅनिश कार्टून लावायच्या. इथल्या, अमेरिकेतल्या श्रूजबरीच्या लायब्ररीने काढून टाकलेली जुनी व्हिडिओ कॅसेट. एक गरीब स्वभावाचं गाढव अख्ख्या गावाची ओझी डोंगरावर नेतं, एवढीच दहा मिनिटांची गोष्ट. आई आवाज बंद करायच्या आणि माझ्या तीन वर्षांच्या ईराला मांडीवर घेऊन मराठीत सांगायच्या, "बघ, पाटलीणबाईंनी अजून एक पोतं टाकलं! दमलंय गं बिचारं. पण त्याला कुणी विचारतं का?"

हे दोन हजार चार सालचं. मी आणि माझा नवरा मंदार, दोघंही नोकरीत. घरी आलं की बोलायचंही त्राण नसायचं. पोळ्या, ईरा, कपड्यांच्या घड्या, सगळं आईंवर. त्या सप्टेंबरात सहा महिन्यांसाठी आल्या होत्या. वर्ध्याला त्यांची थोरली बहीण अंथरुणाला खिळलेली. "मार्चात मी निघणार हं," त्या येता-जाता बजावायच्या, "ताईला एकदा डोळे भरून बघायचंय. बाकी मला काही नको."

फेब्रुवारीत मी मुक्काम वाढवायचा फॉर्म भरून त्यांच्यापुढे ठेवला. विचारलं नाही हो! नुसतं "आई, इथे सही करा" म्हटलं. माझं प्रोजेक्ट जूनमध्ये संपणार होतं ना. त्यांनी चष्मा लावला, सावकाश मराठीत सही केली. "जूनपर्यंतच ना? बरं." मला इतकं हायसं वाटलं, की त्याची आजही लाज वाटते.

एप्रिलमध्ये एका शनिवारी सकाळी वर्ध्याहून फोन आला. ताई गेल्या. आईंनी डोक्यावरून अंघोळ केली आणि दिवसभर खिडकीशी बसून राहिल्या. चारला ईरा कॅसेट घेऊन आलीच. गाढव चालायला लागलं. आईंनी आवाज बंद केला.

"आज तू सांग, बाळा."

ईराने पडद्याकडे नीट पाहिलं. "ही इज नॉट टायर्ड, आजी. ही लाइक्स इट."

"काय म्हणतेय गं?" आईंनी मला विचारलं.

"गाढव छान आहे म्हणतेय," मी म्हटलं.

"प्रोजेक्ट गेलं खड्ड्यात" म्हणत मी आईंचं त्याच आठवड्याचं परतीचं तिकीट काढलं. प्रिंटआउट हातात दिला, तर आईंनी तो उलटसुलट करून पाहिला आणि घडी घालून टेबलावर ठेवला.

"आता कशाला गं घाई?" म्हणाल्या, आणि कणीक भिजवायला उठल्या.