तिसऱ्या तारेखालची काडी

आमच्या घरात एक वाद्य आहे, तसलं दुसरीकडं कुठं नसणार. ते आक्कानं केलं, माझ्या थोरल्या बहिणीनं. घराला लागूनच आबांचं, म्हणजे आमच्या वडलांचं, सायकल दुरुस्तीचं दुकान होतं. तिथला तेलाचा डबा, त्यावर एक फळी आणि फळीवर ताणलेल्या पाच तारा. तारा म्हणजे ब्रेकच्या जुन्या वायरी उसवून काढलेल्या. त्या वाद्याचं नाव ठावतार, कारण ती वाजवली की पलीकडच्या राज्यातली जागा ठावी व्हायची.

पलीकडचं राज्यही आक्कानंच मला दाखवलं. मी सहा वर्षांचा, ती अकराची. मला सांभाळायला म्हणून तिची शाळा चौथीत सुटलेली. त्या राज्यात डोंगर रोज जागा बदलायचे, नदी मनात येईल तिकडं वाहायची. आक्का तार छेडून डब्याला कान लावायची. आवाज लगेच विरला तर तिथं माळ, घुमत राहिला तर दरी. मग सिमेंटच्या पोत्याच्या कागदावर ती जागा पेन्सिलीनं काढायची. काढलेली जागा थांबायची. पण रोज दिवेलागणीला पाची तारा एकेकदा वाजवाव्या लागायच्या.

"न्हाईतर काय हुतंय?" मी विचारायचो.

"सरकतंय सगळं. मग घावत न्हाई."

तिसरी तार ढिली होती. तिच्याखाली काडेपेटीतल्या काडीचा तुकडा सरकवलेला, त्यामुळं ती झिणझिणायची. ती झिणझिण म्हणजे पूल. नदीच्या पल्याड जायला तेवढी एकच वाट.

पुढं मी शाळेच्या नादात ते विसरलो. आक्काला गारगोटीकडं दिली. दोन वर्षांनी ती परत आली ती कायमचीच. मूल जन्मताच गेलं होतं. सासरच्यांनी तिला त्याचं तोंडसुद्धा बघू दिलं नव्हतं.

तिनं माळ्यावरनं ठावतार काढली, कागद काढला. आठवड्याभरात कागदावर पुलापलीकडं एक नवं घर आलं. दारात पाळणा. आम्ही कुणी विचारलं नाही. ती संध्याकाळी तिसरी तार छेडायची, कान लावून बसायची आणि मग उठून भाकऱ्या थापायची. चार घास खायची. तेवढ्यावर तिचा दिवस चालला होता. हे मला दिसत होतं, ते इथं लिहिलंच पाहिजे.

मी तेव्हा बीएस्सीच्या शेवटच्या वर्षाला होतो. आमच्या घरात कॉलेजची पायरी चढलेला पहिला. त्याचा ताठा होता, अजून आहे. आई मला एकदा म्हणाली, "एवढा शिकतोयस न्हवं? मग काढ की तिच्या डोक्यातनं ते खूळ."

खूळ काढणं मला जमणारं नव्हतं. वाटलं, निदान वाद्य तरी नीट करू. प्रयोगशाळेत आम्ही तारेचा ताण, लांबी आणि सूर यांचं गणित शिकलो होतो. एका रविवारी आक्का आईबरोबर बाजाराला गेली, तेव्हा मी गंजलेल्या तारा कापल्या आणि नव्या पोलादी बसवल्या. कॉलेजातनं आणलेला नादकाटा वाजवून एकेक तार सुरात लावली. काडीचा तुकडा फुंकरीनं उडवून दिला.

आबा दुकानातनं बघत होते. "तिला इचारलंस का?"

"आबा, ह्यात विचारायचं काय? हे शास्त्र आहे."

"मग काय, सायेब," म्हणाले आणि पंक्चर काढायला बसले. दुपारी भंगारवाला आला, त्याच्या पोत्यात जुन्या तारा गेल्या.

संध्याकाळी आक्कानं तिसरी तार छेडली. लख्ख, स्वच्छ सूर निघाला. ती डब्याला कान लावून बराच वेळ बसली. पुन्हा छेडली. चुलीजवळची काडेपेटी आणली, काडी मोडून खाली सरकवली. झिणझिण आली, पण वेगळी. दुसरी काडी, तिसरी काडी. आई परातीत पीठ घेऊन नुसती उभी होती.

"आता सुरात आहे, आक्का," मी म्हणालो. "आधी चुकीचं वाजत होतं."

"व्हय. तुझं बरोबरच असंल." ती माझ्याकडं बघत नव्हती. "पल्याड कोण हाय, ठाव हाय न्हवं तुला?"

"आहे."

"मग?"

त्या दिवशी भाकऱ्या आईनं थापल्या. पुढं पुष्कळ दिवस आईनंच थापल्या.

मला फर्स्ट क्लास मिळाला. आता मी ज्युनिअर कॉलेजात शिकवतो. तारेचा प्रयोग दर वर्षी घ्यावा लागतो. मुलं तारेवर कागदाचा चिमुकला तुकडा ठेवतात, सूर जुळला की तो उडून पडतो आणि मुलं खूश होतात. मी वहीवर सही करून टाकतो.

आक्का अजून दिवेलागणीला चार तारा वाजवते. तिसरीला हात लावत नाही. कागदाच्या घड्या फाटल्यात, तिनं पाठीमागनं चिकटपट्टी लावलीय.

घरी गेलो की मी ब्लेडनं काडी तासतो, कधी जाड, कधी पातळ, आणि तिसऱ्या तारेखाली सरकवून बघतो.

"ऱ्हाऊ दे आता," ती म्हणते. "च्या निवतोय तुझा."

पण मी तार छेडतो तेव्हा तिचा पिठातला हात थांबतो. आवाज पुरता विरेपर्यंत ती तशीच बसते, मग पुन्हा मळायला लागते.