भोजराजची ढेकळं

भोजराज माझा धाकटा दीर. रामपायलीजवळच्या आमच्या गावात त्याले पाह्यलं असतं तं म्हटलं असतं, हा खाली मान घालून बोलणारा माणूस काय पाऊस सांगन? पण अक्षय तीजेले पुरं गाव आमच्या आंगणात जमे. मातीची चार ढेकळं, एकेक पावसाच्या महिन्याचं. त्यावर पाण्याची घागर. सकाळी जे ढेकूळ भिजलं, त्या महिन्यात पाऊस. आधी सासरे पाहत, मंग हा. त्यानं सांगितल्याबिगर कोणी धानाचं बी टाकत नसे.

पासष्ट-सहासष्टची गोष्ट. लागोपाठ दोन वर्षं आषाढाचं ढेकूळ भिजून चिखल झालं, अन् आषाढ कोरडा गेला. गावभरचे पऱ्हे, धानाची कवळी रोपं, करपले. शेजारच्या हिरालालच्या घरी बियाचं धान शिजवून खाल्लं. त्याची बायको विमलाबाई आमच्या दारापुढं थांबली अन् न बोलता निघून गेली. शिव्या दिल्या असत्या तं बरं झालं असतं. भोजराज भरल्या ताटावरून उठून गेला.

"वहिनी, मले हे सोडाचं हाय," तो म्हणे. शाळेतले प्रभाकर मास्तर त्याले सांगत, लाकूड-कोळसा जाळला का त्याची हवा आभाळात साचून राह्यते, गरमी वाढवते. पुढं पाऊसपाणी बदलन. जंगलातल्या कोळशाच्या भट्ट्या आम्ही रोजच पाहत होतो. "ढेकळाले जुनंच आभाळ माहीत हाय," तो म्हणे.

गावचे पटेल दुलीचंद ऐकतील तं ना. "तुह्या बापानं कधी सोडलं? देव रुसला तं कोण निस्तरन?" धरलं तं चावते, सोडलं तं पळते, तशी गत झाली बिचाऱ्याची.

तिसऱ्या तीजेले त्यानं घागर उचलली अन् ढेकळांकडं न पाहताच सांगितलं, "आषाढ सरल्याबिगर बी टाकू नका." आषाढ लागताच बी टाकाची रीत; असं अघटित आमच्याकडं कोणी ऐकलं नव्हतं. मले चुलीपाशी येऊन म्हणाला, "आता मले वेडा म्हणतीन, आपापल्या मतानं पेरतीन. सुटलो."

कशाचं काय! सगळ्यायनं मानलं. आषाढ लागताच बरी सर आली, तरी कोणी बियाले हात लावला नाही. भोजराज घाबरला. दारोदार हात जोडत फिरला, "मी खोटं बोललो, पेरा बाप्पा." लोक म्हणत, "आमची परीक्षा पाहून राह्यला." मंग लोक पाहून पेरतीन म्हणून त्यानं आपल्या वावरात होतं नव्हतं तेवढं बी टाकलं.

आभाळ कोरडं झालं. त्याचे पऱ्हे जळाले. आषाढ सरला अन् पाऊस उतरला. साऱ्या गावाचं हलकं, लवकर येणारं धान पिकलं, आमचं वावर तेवढं रिकामं.

कापणी झाल्यावर घरोघरून टोपली आली, आमची कोठी भरली. विमलाबाई त्याच्या पाया पडली. "यायनं आपलं बी देवाले वाह्यलं, म्हणून आमचं पिकलं," म्हणे. "मी खोटं बोललो होतो," तो म्हणाला. "हौ हौ, पुण्यवान माणूस असंच बोलते." अस्सा राग आला मले. ह्या लोकायनं माणसाले माणूस राहू देलं नाही.

मी त्याच धानाचा भात रांधला. तो ताटासमोर बसून राह्यला.

"वहिनी, हे खाल्लं का तीजेले मले ढेकळांपुढं बसावंच लागन."

"पोरं उपाशी हायेत, भाऊजी. तुम्ही घास घेतल्याबिगर ते खाणार नाहीत."

त्यानं भात कालवला अन् खाल्ला.