हातावरचा तुकडा

अमेरिकेतल्या हर्नडन गावच्या त्या बेकरीत पाव घेणं म्हणजे परीक्षाच. दोन हजार सहा साली आम्ही दर शनिवारी तिथे जायचो. मालक साठीचा फ्रेंच माणूस. खांदे दाराएवढे आणि कान चुरगळलेल्या कागदासारखे. पाव पिशवीत घालण्याआधी तो एक तुकडा कापून गिऱ्हाइकाच्या हातावर ठेवायचा आणि त्याने तो खाईपर्यंत टक लावून बघत राहायचा. मला भयंकर राग यायचा. बायको म्हणायची, "खा ना यार पटकन, मागे लाइन लागलीय."

काउंटरमागे एक फोटो होता. त्यात नुसता वाकलेल्या माणसांचा ढीग. एकदा मी विचारलंच. त्याने त्यातल्या एका पाठीवर बोट ठेवलं.

"हा मी. फ्रान्सच्या टीममधून नऊ वर्षं रग्बी खेळलो. हे कान त्यातच चुरगळले."

"मग सगळ्यात भारी मॅच कुठली?"

तो हसला. "माझं डोकं कायम समोरच्याच्या खांद्याखाली. आम्ही वाकून समोरच्या टीमला ढकलायचो, बॉल घेऊन पळायचं दुसरंच कुणीतरी. लोक ओरडले की कळायचं, जमलं. दिसलं कधीच नाही."

मग तुकडा पुढे करत म्हणाला, "आता बघतो."

मीही सहा वर्षं हॉस्पिटलांसाठी सॉफ्टवेअर लिहीत होतो. ते वापरणारं एकही माणूस मी पाहिलं नव्हतं.

त्या दिवशी मी त्याच्याकडे तोंड करून सावकाश खाल्लं. "मस्त झालाय," म्हटलं.

त्याचे ते चुरगळलेले कान लालबुंद झाले.