तिसऱ्या पाइनचं खत

कमलताई गेल्याचा फोन आला तेव्हा मी जेवायला बसत होते. नांदेडहून त्यांची लेक वंदना बोलत होती. "मावशी, आई गेली... सकाळी चहा घेतला, आडवी झाली, आन् उठलीच नाही." मी ताट झाकून ठेवलं. त्याला आता सहा आठवडे झाले. तुम्ही दोघं लहानपणी सुट्टीत इथे यायचात, तेव्हा भिंतीवरून तुम्हाला भुईमुगाच्या शेंगा देणाऱ्या त्या आजी, एवढंच तुम्हाला आठवत असेल. म्हणून हे लिहिते आहे.

लातूर नवा जिल्हा झाला आणि तुमच्या आजोबांची नांदेडहून इथे बदली झाली. आम्ही घर बांधलं. शेजारच्या घरात कमलताई भाड्याने आल्या. त्यांचे यजमान नव्या कचेरीत कारकून होते. त्यांचं माहेर हिमायतनगरकडचं, शेतकऱ्याचं. शाळा चौथीपर्यंत. मी हैदराबादला इंग्रजी शाळेत शिकलेली, पाइनच्या झाडांखाली डबा खाल्लेली. त्या आठवणीपायी मी आजोबांना बंगळूरहून बुटक्या पाइनची तीन रोपं आणायला सांगून दोन्ही घरांमधल्या भिंतीलगत लावली होती. कमरेएवढीच वाढणारी ती झुडपं पाहून कमलताई हसल्या. "हे काय वो बाई? फळ न्हाई, फूल न्हाई, सावलीबी न्हाई... नुसतंच रुसल्यावानी बसलंय!"

पुढे दुष्काळ पडला. नळ कोरडे, टँकर आठवड्यातून एकदा, तोही आलाच तर. माझ्याकडे बागकामाचं एक इंग्रजी पुस्तक होतं. त्यात लिहिलं होतं, की पाइनला मार्चमध्ये, नवी पालवी फुटण्याआधी खत द्यावं. मी तारीख पाहून, चमचा मोजून, प्रत्येकाच्या बुंध्याशी युरिया घातला आणि वर तांब्याभर पाणी शिंपडलं. तो मार्च दुसऱ्या कुठल्या तरी देशातला होता, हे माझ्या ध्यानात आलं नाही.

पंधरा दिवसांत पहिलं झाड गंजल्यासारखं तांबूस झालं. त्याच सकाळी मी कमलताईंना भिंतीवरून पातेलं ओतताना पाहिलं. पुस्तकात असंही होतं, की पाइनला राख चालत नाही, आणि त्या भांडी राखेनं घासत. मी सगळ्या गल्लीला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाले, "तुमच्या खरकट्या पाण्यानं माझं झाड मेलं."

"खरकटं न्हाई, बाई. तांदळाचं धुवण हाय. रोज घालून राहिले मी, ही तुमची लेकरं तहानली म्हणून."

"विचारलं होतं का मला?"

त्या रिकामं पातेलं घेऊन आत गेल्या. दुसऱ्या दिवसापासून धुवणाचं पाणी बंद झालं. आणि मग दुसरं झाडही गेलं.

आजोबांच्या ओळखीचे एक कृषी अधिकारी घरी आले होते. त्यांनी ते मेलेलं झाड उपटून पाहिलं. मुळं जळलेली, आणि मातीत न विरघळलेले पांढरे दाणे. "कोरड्या मातीत युरिया कुणी घातला?" त्यांनी विचारलं. मी चहा ठेवायला आत गेले...

संध्याकाळी मी भिंतीपाशी जाऊन उभी राहिले. वाक्य मनात नीट जुळवलं होतं, पण तोंडातून आलं नाही. कमलताईंनी माझ्याकडे पाहिलं, आत गेल्या आणि धुवणाचं पातेलं घेऊन आल्या. "घ्या. तिसऱ्याला घाला. बुडाशी न्हाई, फांद्यांच्या टोकाखाली, गोल. आन् खत आता नगं. पोटात पाणी न्हाई अन् जेवाया वाढायचं व्हय? पाऊस मुरू द्या. बोट खुपसून बघा, दोन पेरं ओल लागली की मूठभर जुनं शेणखत. बास."

तिसरं झाड जगलं. यजमान निवृत्त झाल्यावर त्या नांदेडला, विष्णुपुरीकडे राहायला गेल्या. तेव्हापासून दर पावसाळ्यात मी फोन करायची. "कमलताई, खत घालू का?" उत्तर मला पाठ होतं, आणि पाठ आहे हे त्यांनाही ठाऊक होतं. "ओल बघितली का? मग घाला की. एवढं इंग्रजी शिकल्या, अन् दरसाल तेच इचारता!" आणि हसायच्या. माफी मागायला मला एवढंच जमलं... त्यांना ते कळत होतं का, हे मी कधी विचारलं नाही.

तेराव्यानंतर मी वंदनाला फोन केला. तिला सगळं सांगितलं, युरियाचं, गल्लीत ओरडल्याचं. "चूक माझी होती," म्हटलं. ती म्हणाली, "मावशी, असं काही झाल्याचं आई कधी बोललीच नाही. ती म्हणायची, लातूरच्या बाई लई गुणाच्या, मला इचारल्याबिगर झाडाला खत घालत नाहीत."

काल दिवसभर पाऊस झाला. आज सकाळी मी पाइनखाली वाकून बोट खुपसलं. दोन पेरं ओल आहे. मुठीत शेणखत घेऊन मी बराच वेळ तशीच बसून राहिले.