मोहोळ उठलं ती दुपार

सर गॅलरीत होते, त्यांच्या तोंडावर माशा होत्या आणि गॅलरीचं दार मी आतून लावलं होतं. खोटं कशाला सांगू. आधी दारच लावलं.

काचेतून सगळं दिसत होतं. दोन्ही तळहात डोळ्यांवर दाबून सर भिंतीला टेकले होते. वय एक्क्याऐंशी.

सदाशिव पेठेतल्या त्या फ्लॅटमध्ये मी अकरा वर्षं स्वयंपाक करत होते. मी चौथी शिकलेली. सरांनी कॉलेजात जन्मभर एकच गोष्ट शिकवली, जीव म्हणजे नक्की काय. एक जीव कुठे संपतो आणि दुसरा कुठे सुरू होतो, यावर त्यांनी जाड पुस्तकं लिहिली. मला वाटायचं, यात विचार कसला करायचा? ताटं मोजली की कळतं.

वरच्या मजल्याच्या सज्जाखाली आग्या मोहोळ लागलं, तेव्हा सर खूश झाले. रोज वही घेऊन त्याच्यासमोर बसायचे. मला म्हणाले, एकटी माशी हा जीवच नव्हे, अख्खं मोहोळ मिळून एक जीव. डंख मारून माशी मरते, ते आपण नख कापतो तसं. मी म्हटलं, "चावते ती माशीच." ते त्यांनी वहीत लिहून घेतलं.

सोसायटीच्या मीटिंगमध्ये मोहोळ काढायचं ठरलं. सर एकटेच उठून म्हणाले, त्या प्राण्याला मारू नका. सेक्रेटरींनी विचारलं, कोणत्या प्राण्याला, आपण मांजर पाळलंय का? लोक हसले.

धूर करणारा माणूस अडीचला आला. खिडक्या लावा, हे सांगायला वॉचमन त्याआधी येऊन गेला होता. पण आमच्या दारावर पाटी होती: 'दुपारी एक ते चार बेल दाबू नये. दाबल्यास वाजणार नाही.' बेलचं बटण सर स्वतः बंद करायचे. वॉचमनने बेल दाबली, वाजली नाही. घरात कोणी नाही असं समजून तो गेला. मी स्वयंपाकघरात आडवी झाले होते. सर खोलीत झोपलेत असं मी धरून चालले. ते वही घेऊन गॅलरीत होते.

जळका वास आला म्हणून उठले, बाहेरच्या खोलीत आले आणि माशा बघून दार लावलं.

किती वेळ तशी उभी होते, सांगता येणार नाही. मग सर भिंतीवरून घसरत खाली बसले. तळहात डोळ्यांवरून सुटले. मी पलंगावरची सोलापुरी चादर ओढली, डोक्यावरून घेतली आणि कडी काढली. बखोट धरून त्यांना फरफटत न्हाणीघरात नेलं, दार लावलं, नळ सोडला आणि खिडकीतून वॉचमनला हाका मारल्या.

तिसऱ्या दिवशी हॉस्पिटलमध्ये त्यांना बोलता यायला लागलं. ओठ अजून सुजलेले होते.

"बाई, घरासाठी जीव द्यायला निघालात तुम्ही. अगदी मोहोळातल्या माशीसारख्या."

"मी माशी नाही, सर. म्हणून तर आधी दार लावलं."

त्यांनी वही मागितली. ती गॅलरीतच पडलेली होती. घरी जाईन तेव्हा आणीन, म्हटलं.

मला एकवीस डंख होते. सरांचे डॉक्टरांनी मोजायचे सोडून दिले. आम्ही दोघंही वाचलो.