म्हसोबाचे पाय भिजले की

माझं माहेर शिरूरच्या कोरड्या अंगाला. उन्हाळ्यात टँकर आला की बायका हंडे घेऊन धावत सुटायच्या आणि एकमेकींच्या झिंज्या धरायच्या. मीही धरल्यात, खोटं कशाला बोलू? त्यामुळं मला आलेलं स्थळ दौंड तालुक्यात, भीमेच्या काठावर आहे असं कळलं तेव्हा मी नवऱ्याचा फोटो नंतर बघितला. आधी विचारलं, नदी घरापासून किती लांब? मध्यस्थ म्हणाला, "दारात उभं राहिलं की दिसती." झालं, मी हो म्हटलं. नव्वदच्या दशकाची ती मधली वर्षं होती.

नवरा शिक्रापूरला कंपनीत. तिथंच चौघांत खोली करून राहायचा आणि सुट्टीला घरी यायचा. सासूबाई माझ्या लग्नाआधीच गेलेल्या. त्यामुळं वस्तीवरच्या घरात मी आणि सासरे, दोघंच. मी त्यांना मामा म्हणायचे, गाव आबा म्हणायचं. त्यांचे वडील मेंढरामागं कोकणापर्यंत फिरलेले. मामांनी काठी टेकवली, जमीन कसली, ऊसही लावला, पण एकोणीस मेंढरं काही सोडली नाहीत. प्रत्येकीला नाव होतं. माझ्यावर रागावले की ते माझ्याशी न बोलता मेंढरांशी बोलायचे, मला ऐकू जाईल अशा बेतानं.

शेजारी चाचा राहायचे. उन्हाळ्यात नदी आटली की वाळूत टरबुजाच्या वाड्या करायचे. त्यांचं घरही आमच्याइतकंच पिढ्यान्पिढ्या तिथलं. दोघं म्हातारे संध्याकाळी नदीकडं तोंड करून बसायचे आणि पुरावरून भांडायचे. चाचा म्हणायचे, पहिला पूर नूह पैगंबरांच्या वेळचा. जहाजात प्रत्येक जनावराची जोडी घेतली होती. मामा म्हणायचे, "छट्! त्याच्या आधी मनूला माशानं सांगितलं, होडी बांध म्हणून."

"आन् मेंढरं? मेंढरं घेतली का तुमच्या मनूनं?"

मामा मेंढरांकडं बघायचे. हे त्यांना फार लागायचं. मग चाचाच समजूत काढायचे, "जाऊ द्या आबा. पूर एकच आसंल. तुमचा मासा आमच्या जहाजाला वाट दाखवत आसंल."

एका गोष्टीवर मात्र दोघांचं एकमत होतं. जुनं गाव गाळाखाली पुरलेलं आहे! महादेवाच्या देवळात पायऱ्या उतरून जावं लागतं, गावच्या वेशीतून उंच माणसाला वाकावं लागतं, विहीर खणली की दोन पुरुष खाली खापऱ्या आणि बांगड्यांचे तुकडे निघतात. का? तर कुण्या माजोरड्या पाटलानं नदीची ओटी भरू दिली नाही, आणि तिनं एका दिवसात गाळ आणून सगळं गाव झाकून टाकलं. मी बारावी शिकलेली. मी म्हणायचे, दरसालच्या पुरानं बोट बोट गाळ साठला असेल. दोघं माझ्याकडं कीव आल्यासारखे बघायचे. आणि खरं सांगू? गोष्ट त्यांचीच चांगली होती.

पण हे नुसते गप्पिष्ट म्हातारे नव्हते. पूर आला की कधी उठायचं हे सगळी वस्ती मामांना विचारायची आणि मामा ते म्हसोबाला विचारायचे. म्हसोबा म्हणजे नदीच्या उतारावरचा शेंदूर लावलेला दगड. आमची वस्ती उंचवट्यावर, पण पाठीमागून ओढा. नदी फुगली की पाणी मागच्या मागं ओढ्यात शिरायचं आणि वस्तीचं बेट व्हायचं. पुढं नदीकडं बघणाऱ्याला ते कळायचंही नाही. जुन्या माणसांनी तो दगड नेमका अशा जागी बसवला होता की त्याच्या बुडाला पाणी लागलं तरी ओढा उतरून जायला तासभर हातात असायचा. म्हसोबाचे पाय भिजले की लेकरं उचलायची, मेंढरं सोडायची आणि निघायचं. एवढा एकच नियम होता.

लग्नाला चार वर्षं झाली तरी मला मूल नव्हतं. दर रविवारी मी त्या दगडाला पाणी घालायला जायचे. पावसाळ्यात बिचारा चिखलात रुतलेला असायचा, अंगावर शेवाळ, कडेला बेडकं. मला त्याची फार दया यायची. मी नवस बोलले, "देवा, माझी ओटी भर. तुझे पाय पुन्हा चिखलात राहू देणार नाही." पुढच्याच वर्षी मुलगी झाली. मी हट्ट धरला. वरवंडहून गवंडी आला, त्यानं दगड अलगद काढला, त्याच जागी कमरेइतका कट्टा बांधला, वरून न्हाणीघरातल्या असतात तसल्या पांढऱ्या फरश्या लावल्या आणि म्हसोबाला वर बसवलं. फरशीवर मोरसुद्धा होता. मामांनी डोकं खाजवलं आणि म्हणाले, "देव माडीवर ऱ्हायला गेला म्हनायचा." चाचा म्हणाले, "झकास हाय." सगळ्या वस्तीनं गुळभात खाल्ला. कुणाच्या म्हणजे कुणाच्या डोक्यात आलं नाही. नंतरची दोन-तीन वर्षं पाऊस बेताचाच झाला, नदी पात्राबाहेर आलीच नाही.

मग तो पावसाळा आला. मुलगी तीन वर्षांची होती. पुराच्या आदल्या दिवशी कोतवाल सायकलवरून दवंडी देऊन गेला, वरच्या धरणातून पाणी सोडणार आहेत, सावध राहा. चाचांनी त्याला चहा पाजला. दुसऱ्या दिवशी सकाळी चक्क ऊन पडलं होतं आणि नदी चढत होती. मामा आणि चाचा उतारावर उभे. माणसं येऊन विचारत होती, "आबा, उठायचं का?"

"आजून न्हाई. पाय कोरडं हायती."

तासाभरानं पुन्हा विचारलं. पाय कोरडेच. मी घरात भाकरी थापत होते, मला तर सणासारखं वाटत होतं. एवढं पाणी मी जन्मात पाहिलं नव्हतं. आणि मागून कुणीतरी ओरडलं, "ओढा भरला! आरं, ओढा भरला!"

पुढचं सगळं तुटक आठवतं. दोर बांधला होता. पाणी छातीला लागत होतं. माझी पोरगी चाचांच्या खांद्यावर, त्यांची टोपी धरून बसलेली. माणसं सगळी पलीकडं गेली. मामांनी मेंढरं सोडली होती, पण पाणी बघून ती पुढं यायला तयार होईनात, गोल करून उभी राहिली. माझ्या पोरीला खाली ठेवून चाचा आमच्या मेंढरांसाठी माघारी फिरले. ते वाहून गेले आणि खालच्या बाभळीला अडकले. दुपार कलेपर्यंत ते त्या बाभळीत होते. आम्ही काठावरून त्यांना हाका मारत होतो, ते हात हलवत होते. शेवटी पोहणारी चार पोरं दोर घेऊन गेली आणि त्यांना घेऊन आली. काट्यांनी अंग सोलून निघालं होतं. मेंढरं एकोणीसच्या एकोणीस गेली. मामा काठी मांडीवर घेऊन बसले होते. मी त्यांना पाणी दिलं, ते त्यांनी घेतलं नाही.

शाळेत आसरा घेतला होता. तिथंच, दुसऱ्या दिवशी, मामा पहिल्यांदा बोलले. "धरणवाल्यांनी दगा केला. न सांगता पानी सोडलं. न्हाईतर म्हसोबा चुकतोय व्हय कवा?"

बस्स! ठिणगी पडायचीच वाट बघत होते सगळे. संध्याकाळपर्यंत गोष्टीला पाय फुटले. शहर वाचवायला आपल्याला बुडवलं. न्हाई न्हाई, कुणाला तरी वाळू पाहिजे होती, म्हणून पूर आणला. भिंतीला तडा गेलाय, ते लपवायला रिकामं केलं. एक जण शपथेवर सांगत होता की धरणानं यंदा माणूस मागितला होता. नवरा शिक्रापूरहून धावत आला, तोही कंपनीतलं ऐकून आला होता. उत्तरेकडचा कुणी त्याला म्हणाला होता, "हमारे यहाँ भी ऐसेही करते हैं." दर वेळी मामा मान हलवायचे, म्हणायचे, "दगाच हाय." मला बरं वाटत होतं. आपल्या माणसाचं दुःख कुणाच्या तरी माथी मारता आलं की बरंच वाटतं.

पाणी ओसरल्यावर घरात, ओढ्याच्या बाजूनं शिरलेला, गुडघाभर गाळ होता. फावड्यानं ओढायचा, घमेल्यात भरायचा, बाहेर टाकायचा. आठ दिवस तेच. मग मी म्हसोबा धुवायला गेले. कट्ट्यावर पाण्याची रेघ स्पष्ट उमटली होती, वरच्या फरशीच्या जेमतेम दोन बोटं खाली. मी रेघेकडं बघितलं, मग खाली जमिनीकडं, जिथं देव आधी होता.  देवाचे पाय भिजलेच नाहीत. भिजणार कसे? मी त्यांना कमरेइतकं वर उचललं होतं.

मी घरी आले आणि कुणाला काही बोलले नाही. मी, जी टँकरवर चार गावांना ऐकू जाईल असं भांडलेली! चाचांच्या अंगावरचे ओरखडे बघितले की मला घास गिळत नव्हता.

पंधरा दिवसांनी गावातल्या पुढाऱ्यानं अर्ज लिहून आणला. त्यात होतं की कुणीही सूचना दिली नाही, कोतवाल वस्तीवर आलाच नाही. पहिला अंगठा आबांचा हवा, कारण सगळ्यात जास्त त्यांचंच गेलं. मामांनी अर्ज ऐकून घेतला, अंगठा धोतरात पुसला आणि म्हणाले, "मी न्हाई लावत."

दुसऱ्या दिवसापासून कुजबुज सुरू झाली. आबा फितले. धरणवाल्यांनी आबांचं तोंड बंद केलं. ज्या माणसाची एकोणीस मेंढरं डोळ्यांदेखत गेली त्याच्याबद्दल! माझ्या अंगाची लाही लाही झाली. मी घरी येऊन त्यांनाच विचारलं, "मामा, सगळ्यांना तुम्हीच सांगितलं धरणाचं. मग अंगठा का नाही लावला?"

"कोतवाल आलता पोरी. त्याला दोन लेकरं हायती. त्याची नोकरी घालवायची व्हय?"

"मग बोललात कशाला?"

ते रिकाम्या कुंपणाकडं बघत होते. म्हणाले, "पुराच्या दुसऱ्या दिशी पहाटं, पानी जरा उतरलं तवाच, मी काठीनं कट्टा मोजला. तुज्या आदी. मला वाटलं, आता लोक इचारतील, ह्यो कट्टा कुनी बांदला. लोकांना बोट दावायला कुनीतरी लागतंच. धरन लांब हाय, त्याला काय लागतंय? तू घरात हायस."

मी तिथंच खाली बसले आणि रडले. ते मला रडू नको म्हणाले नाहीत. बाजूला बसून राहिले.

सकाळी शाळेच्या अंगणात माणसं अर्जासाठी जमली होती. मी पोरीला कडेवर घेऊन गेले. सगळ्यांना ऐकू जाईल असं बोलले. कट्टा मी बांधला. देव उंच झाला, म्हणून आपल्याला उशीर झाला. कोतवाल आला होता. आबांना काही बोलायचं असेल तर आधी मला बोला.

 मग पुढारी हसून म्हणाला, "वैनी, सासऱ्याची बाजू घेताय, चांगलंय. पण आबांनीच पढवून धाडलंय तुमाला." आणि लोकांनी माना डोलावल्या! मी खरं बोलले आणि तेसुद्धा कटातच जमा झालं. डोक्यावर हात मारावा अशी माझी गत. तेवढ्यात चाचा काठी टेकत उठले. हातावरच्या खपल्या अजून वाळल्या नव्हत्या. "कोतवाल आला व्हता. माज्या घरी च्या पिऊन गेला. आबांचं तोंड कुनी बंद केलं आसंल, तर मग बाभळीत आडकल्याला मला का सोडलं? माजंबी तोंड बंद करायचं व्हतं." पुढाऱ्यानं कोतवालाची ओळ खोडली. बाकीचा अर्ज तसाच गेला. धरणाचं आजही बोलतात.

मामा दिवसभर माझ्याशी बोलले नाहीत. बोलायला मेंढरंही नव्हती. मला वाटलं, मी त्यांचं सगळं पाण्यात घालवलं.

दुसऱ्या दिवशी पहाटेच पहारीचे ठोके ऐकू आले. जाऊन बघते तर मामा आणि चाचा कट्टा फोडत होते. वाटेवरच्या कुणीतरी विचारलं, "आबा, हे काय?" मामा मोठ्यानं म्हणाले, "सून म्हनती देव खाली घ्यायचा. खरं बोलती ती."

फरश्या निघाल्या, विटा निघाल्या, भोवतीचा पुराचा नवा गाळही उपसला. पण दगड नेमका किती खोल होता हे दोघांनाही सांगता येईना. ते कायम उभ्यानंच हात जोडायचे. मी म्हणाले, थांबा, मला माहीत आहे. चार वर्षं दर रविवारी मी तिथं बसून रडलेली. बसल्यावर त्याचा माथा माझ्या कपाळाला लागायचा. मी ओल्या जमिनीत मांडी घालून बसले, डोळे मिटले. मामा आणि चाचा दगड कमी-जास्त करत राहिले. "आजून?" "अजून खाली." "आता?" थंडगार दगड कपाळाला लागला.

"बरोबर?" मामांनी विचारलं.

"बरोबर."

त्यांनी दगडाच्या बुडाशी माती दाबली, हात झटकले आणि माझ्यासमोर उकिडवे बसले. म्हणाले, "आता फुडच्या पुराला कवा उठायचं, ते तू सांगायचं."